उजागरेकाकांचा अक्रोड

जानेवारीत सगळं फरीदाबाद हीटरला चिकटून बसलेलं असतं, तेव्हा आमच्या खालच्या मजल्यावरचे उजागरेकाका बर्फ विकत आणायचे. मासळीवाल्याकडून, गोणपाटात गुंडाळून, स्कूटरवर पायाशी ठेवून. मग तो फोडायचे, अंगणातल्या कमरेएवढ्या रोपाच्या बुंध्याशी पसरायचे आणि हात बगलेत घालून उभे राहायचे. पहिल्यांदा तो बर्फ पाहिला तेव्हा मला वाटलं, त्यांच्या घरात कुणी गेलं की काय.

गेलं कुणी नव्हतं. ते अक्रोडाचं झाड होतं.

“थंडीचे शेकडो तास मिळाल्याशिवाय अक्रोडाच्या फांदीवरचे डोळे फुटत नाहीत,” काका म्हणाले. “दिल्लीची थंडी आपल्याला खूप वाटते. जरा झाडाच्या बाजूने बघा!” झाडाच्या बाजूने बघा, हे त्यांचं पालुपद. थंडी डोळ्यांना लागते, मुळांना नाही, हेही त्यांनीच सांगितलं. मग बर्फ मुळाशी का, असं मी विचारलं. “वर बांधता येत नाही, यार,” ते म्हणाले.

काका केंद्र सरकारच्या एका खात्यातून रिटायर झाले. नोकरीत त्यांनी कुणाला दुखावलं नाही म्हणतात, ती सगळी कसर आता अक्रोडावरून भरून काढतात. माझ्या नवऱ्याने दिवाळीच्या ड्रायफ्रूटच्या डब्यातला अक्रोड तोंडात टाकला आणि “मस्त फळ आहे” म्हणाला. झालं. “फळ? ते तोडणाऱ्यांनी झाडाखालीच सोलून फेकलं. हिरवी साल म्हणजे आंब्याचा गर समजा. तुम्ही कोय फोडून आतलं बी खाताय.” तेव्हापासून माझा नवरा फक्त काजू खातो.

अक्रोडाची नर फुलं आणि मादी फुलं एकाच झाडावर येतात, पण बहुधा त्यांच्या वेळा जुळत नाहीत. “एक सेक्शन फाइल पाठवतं तेव्हा दुसरं लंचला गेलेलं,” असा काकांचा खुलासा. कोवळी फांदी उभी चिरली तर आत शिडीसारखे कप्पे दिसतात, ही अक्रोडाची खूण. सालीचा रंग पक्का असतो, हे तर त्यांनी स्वतःवर सिद्ध केलं. कुल्लूहून आणलेल्या हिरव्या साली वाटून त्यांनी मिशीला लावल्या. मिशी पांढरीच राहिली, ओठ मात्र चॉकलेटी झाला. पुढचे दोन रविवार ते चर्चमध्ये रुमाल तोंडाशी धरून गायले.

बाकी झाडांच्या बाबतीत माणूस निर्दय. कुणी काही चुकीचं बोललं की थांबवून दुरुस्त करणार. सोसायटीच्या सेक्रेटरीबाईंनी त्या रोपाला ‘काकांचं अखरोट-वखरोट’ म्हटलं, तर त्यांना जिन्यात उभं करून वनस्पतिशास्त्र ऐकवलं. विमलकाकू, म्हणजे त्यांच्या पत्नी, हे सगळं व्हरांड्यातल्या खुर्चीतून बघत असायच्या. त्यांना अलीकडे माणसं ओळखू येत नाहीत. मला कधी शीला म्हणतात, कधी नर्सबाई.

हिवाळ्यात अक्रोडाची पानं गळतात आणि नुसती काठी उरते. हे काकांनी सगळ्या सोसायटीला सांगितलं होतं, फक्त नव्या माळ्याला सांगायचं राहिलं. गेल्या जानेवारीत एका शनिवारी दुपारी काका बर्फ आणायला गेले असताना त्याने ते रोप उपटलं आणि कचऱ्याच्या गाडीत टाकलं. काका परतले तोवर गाडी निघूनही गेली होती. “सूखी लकड़ी थी, साहब,” तो प्रामाणिकपणे म्हणाला.

मी वरून धावत खाली आले. आता माळ्याची धडगत नाही, असं मला वाटलं. काका खड्ड्याकडे बघत होते. मग घड्याळाकडे बघितलं आणि अगदी हळू म्हणाले, “पाच वाजता विमल बाहेर येईल.”

“काका?”

“संध्याकाळ झाली की ती घरी जायचं म्हणते. घर म्हणजे कुल्लूचं क्वार्टर. लग्नानंतर पहिला संसार तिथे मांडला ना आम्ही, दारात अक्रोड होता. हे झाड दाखवलं की म्हणते, आलो वाटतं. मग जेवते, झोपते. नाही दिसलं तर फाटक धरून रडत बसते. इथे अक्रोड धरणार नाहीत, मला बिल्कुल माहीत आहे. नुसतं जगलं तरी पुरे होतं.”

 

काका फाटकापाशी गेले. तिथल्या शहतूताची, म्हणजे तुतीची, एक सरळ, निष्पर्ण फांदी त्यांनी तोडली, खड्ड्यात उभी केली आणि पायाने माती लोटली. तेवढ्यात काकू दारात आल्याच.

“घरी कधी जायचं हो?”

“आलो की. हा बघ अक्रोड.”

शहतूताला अक्रोड म्हणताना त्यांचा आवाज जराही हलला नाही. काकूंनी जवळ येऊन फांदीवर बोट फिरवलं. “वाळलाय.”

“झोपलाय. थंडी आहे ना.”

“हो का,” काकू म्हणाल्या आणि माझ्याकडे वळल्या. “शीला, चहा घेऊनच जा. आम्ही आत्ताच पोचतोय.”

माती भुसभुशीत होती, फांदी उभी राहत नव्हती. काकू आत जाईपर्यंत काकांनी ती पाठीमागून एका हाताने सरळ धरून ठेवली होती.