कामिनीच्या कुंपणातला वॉर्ड

बाळांनो, शेजारच्या साळवेभाऊंनी माझ्या कामिनीच्या झाडांच्या कुंपणाला सलाईन लावलं होतं. गंमत नाही. भिंतीतल्या खिळ्याला बाटली, बाटलीला नळी, नळी थेट मुळाशी. थेंब थेंब.

कारण कुंपणात बुलबुलाचं घरटं होतं. पाइपनं पाणी घातलं की पक्षीण उडायची.

अख्ख्या गारखेड्यात माझ्याइतकं सरळ कुंपण कोणाचं नाही. दोरी लावून कापते मी. पण एका रविवारी कात्री घेऊन गेले, तर भिंतीपलीकडून साळवेभाऊ हळूच म्हणाले, "मॅडम, पेशंट झोपलाय."

सरकारी दवाखान्यात ते तीस वर्षं वॉर्डबॉय होते. निवृत्त झाले, वॉर्ड काही सुटला नाही. कुकरची शिट्टी बंद. दूधवाल्याची बेल बंद. माझ्या फाटकावर पुठ्ठा लागला: "भेटायची वेळ ४ ते ५". एकदा मी पाच वाजून दोन मिनिटांनी डोकावले, तर घड्याळ दाखवून मला बाहेर काढलं. माझ्याच अंगणातून! स्वतः मात्र दिवसभर स्टुलावर. का, म्हणून विचारलं, तर म्हणाले, "मी स्टाफमध्ये आहे."

तीन आठवड्यांत कुंपणाला वेड्यावाकड्या शेंड्या फुटल्या. येणारेजाणारे बघायचे. मी मान खाली घालून भाजी आणायची.

परवा सकाळी दाढी करायला घरी जाताना त्यांनी मला स्टुलावर बसवलं. "पेशंट निघाले तर हाक मारा. जाताना लई घाई करतात."

दोन पिल्लं बघता बघता उडाली. तिसरं काठावर डुगडुगत होतं. मी हाक मारली. साळवेभाऊ गालावर साबण तसाच घेऊन आले. पिल्लू उडालं आणि पेरूवर जाऊन बसलं.

सुटले, म्हणत मी कात्री आणायला वळले. मागून ते म्हणाले, "शोभा आमच्याच वॉर्डात ॲडमिट होती, मॅडम. त्या दिवशी मी रजेवर, म्हणजे नातेवाईकच. पाच वाजले. लोकांना मीच बाहेर काढायचो, मग थांबणार कसा? निघालो. सहाला गेली."

त्यांच्या बायकोला, शोभावहिनींना, जाऊन चार वर्षं झाली. पण ही पाच वाजताची गोष्ट मला तोवर माहीत नव्हती.

काल संध्याकाळी रिकाम्या घरट्यासमोर ते स्टुलावर बसले होते. पाच वाजून गेले होते. मी दोन कप चहा आणि एक खुर्ची घेऊन गेले. त्यांनी घड्याळाकडे पाहिलं. मग माझ्या खुर्चीसाठी स्टूल थोडं सरकवलं.