कर्ता सांगा

कॉलेजात रुजू झालो त्या पहिल्याच दिवशी स्टाफरूममध्ये माझ्या हातून कप पडला. नवा माणूस, नवी पँट आणि तिच्यावर चहा. मी ओशाळून म्हणालो, "अरेरे, कप फुटला." कोपऱ्यातल्या वर्तमानपत्रामागून आवाज आला, "कर्ता?"

मला वाटलं, कर्ता नावाचा कुणी शिपाई असेल आणि त्याला फडकं घेऊन बोलावतायत. कुणीच आलं नाही. मग वर्तमानपत्र खाली झालं आणि एक दाढी-चष्मेवाला चेहरा अतिशय आपुलकीनं चौकशी करू लागला. कप आपणहून फुटला का? त्याला आज सकाळपासून तसं वाटत होतं का? नसेल तर या वाक्यातला खरा कर्ता गेला कुठं? मी घाबरून म्हणालो, "मी कप फोडला." चेहरा प्रसन्न झाला. आता कसं वाटतंय, असं विचारलं. प्राचार्यांनी ऐकलं नसेल तर बरं वाटतंय, असं मी सांगितलं.

हे सकपाळ सर. महाडच्या आमच्या कॉलेजात ते तत्त्वज्ञान शिकवायचे आणि मी वाणिज्य. नव्वदीच्या दशकात आम्ही एकाच घरमालकाच्या शेजारशेजारच्या खोल्यांत राहायचो. मधली भिंत इतकी पातळ होती की मी झोपेत काही पुटपुटलो तरी पलीकडून दुरुस्ती यायची.

सर मूळचे वरंधच्या वरच्या अंगाला असलेल्या एका धनगरवाड्याशेजारच्या वाडीतले. शिकायला पुण्याला गेले. पुण्याला जाऊन माणसं वकील होतात, निदान पुणेकर तरी होतात. सर अस्तित्ववादी होऊन आले. अस्तित्ववाद म्हणजे काय हे त्यांनी मला इतक्यांदा समजावलंय की न कळताही मी ते घडाघडा सांगू शकतो. माणसाला वरून कुणी साच्यातून काढून पाठवत नाही. तो आधी जन्माला येतो आणि आपण कोण हे मग स्वतः घडवत बसतो. म्हणून जे काही करतो त्याची जबाबदारी त्याची. देवावर, नशिबावर किंवा सासरच्या मंडळींवर ती ढकलता येत नाही. हे सगळं म्हणे फ्रान्समधल्या लोकांनी कॉफी पीत पीत शोधून काढलं. त्या लोकांना मराठी येत नव्हतं म्हणून त्यांचं काम सोपं झालं, असं सरांचं मत होतं. मराठी माणसाला पळ काढायला व्याकरणातच चोरवाटा आहेत.

मराठीत कुणी काही करतच नाही, ही त्यांची मुख्य तक्रार. सगळं आपलं आपण होत असतं. दूध उतू जातं, डोळा लागतो, गाडी चुकते, बोलण्याच्या भरात शब्द निघून जातो आणि पत्राचं उत्तर द्यायचं राहून जातं. मी एकदा घरमालकावर चिडलो होतो. मला राग आला, असं म्हणायची खोटी, सरांनी विचारलं की कुठल्या गाडीनं आला, पोलादपूरच्या का? भूक लागण्याला मात्र बऱ्याच चर्चेअंती परवानगी मिळाली, कारण चर्चा होईपर्यंत त्यांनाही लागली होती.

वर्गात काय होत असेल याची कल्पना करा. पहिल्या तासाला ते फळ्यावर लिहायचे, 'माणूस आधी असतो, कोण ते मागाहून ठरतं.' पोलादपूरकडच्या एका मुलानं उठून सांगितलं की सर, आमच्याकडं आधी आडनाव असतं, माणूस मागाहून येतो. सर इतके खूश झाले की उरलेला तास त्यांनी त्यालाच बोलायला लावलं. नाते गावाहून येणारी एक मुलगी रोज उशिरा यायची. एस्टी चुकली म्हणाली की सर विचारायचे, एस्टी चुकली की तू चुकवलीस? महिनाभरानं पोरं हुशार झाली. "सर, मी आज उशीर निवडला," असं दारातून सांगायला लागली. सर भारावून हजेरी लावायचे. पुढं पोरं वर्गाऐवजी सिनेमा निवडायला लागली आणि दुसऱ्या दिवशी येऊन तसं प्रामाणिकपणे सांगायची. त्याचीही हजेरी लागली तेव्हा प्राचार्यांनी सरांना बोलावून घेतलं.

प्राचार्यांशी त्यांचं आधीच बिनसलं होतं. प्राचार्यांच्या मुलीच्या लग्नपत्रिकेवर रीतीप्रमाणं 'आमचे येथे श्रीकृपेकरून' असं छापलेलं होतं. सरांनी भर मांडवात प्राचार्यांचा हात हातात घेतला आणि म्हणाले की पत्रिकेत तुम्ही सगळं श्रेय दुसऱ्याला दिलंत, पण मुलगा शोधायला तुम्ही किती चपला झिजवल्यात ते मी पाहिलंय. विहीणबाई शेजारी उभ्या होत्या. त्यांना चपलांची माहिती नव्हती.

देव मानता की नाही, असं विचारलं तर सर म्हणायचे, तो आहे की नाही हा त्याचा प्रश्न, आपण काय करतो हा आपला. गणपतीत मात्र ते पंगतीला पहिल्या रांगेत असायचे. श्रद्धा नसताना प्रसाद कसा चालतो, असं मी खवचटपणे विचारलं. मी मोदक निवडलाय, त्यामागची गोष्ट नाही, म्हणाले आणि तूप मागितलं. पुढं माझं लग्न झालं आणि बायकोनं सरांचं शास्त्र पटकन उचललं. तेव्हापासून आमच्याकडं भाजी करपत नाही. मी तिच्याकडं लक्ष दिलेलं नसतं.

या लग्नाच्या वेळीच मला सरांचा दुसरा हट्ट कळला होता. ते सल्ला देत नसत. दोन स्थळांपैकी कुठलं पाहू, असं मी विचारलं तर म्हणाले, "तुम्ही ठरवा." मी म्हटलं, अहो, नुसतं मत द्या. तर दुसऱ्याच्या आयुष्यावर आपली सही करणं हा कसा अपराध आहे यावर त्यांनी तासभर व्याख्यान दिलं. तेवढ्या वेळात दोन्ही मुली पाहून झाल्या असत्या.

या हट्टाचा सगळ्यांत जास्त त्रास त्यांच्या थोरल्या भावाला व्हायचा. त्याला सगळी वाडी दादा म्हणायची, सरही. दादा गावी आईला, म्हशींना आणि शेतीला सांभाळून होता. बाजाराला महाडात उतरला की सरांच्या खोलीवर यायचा. हातात आईनं दिलेलं तूप नाहीतर नाचणीचं पीठ आणि मनात एखादा प्रश्न. म्हैस विकू का? पोरगी मुंबईला द्यायची का? "तू शिकलेला हायस, तू सांग." सर त्यानंच आणलेलं तूप भातावर घेत म्हणायचे, "तू ठरव."

मग दादा घरी जायचा आणि देवीला कौल लावायचा. म्हणजे ओलं फूल देवीच्या अंगावर चिकटवायचं, प्रश्न विचारायचा आणि वाट बघायची. उजवीकडं पडलं तर हो, डावीकडं पडलं तर नाही. पुढच्या बाजाराला आला की तो निकाल सांगायचा आणि दोघा भावांची जुंपायची. फूल ओलं असतं, कधीतरी पडणारच, असं सर म्हणायचे. शिवाय उजवं म्हणजे हो, हे कुणी ठरवलं?

"तुझ्या आज्यानं," दादा शांतपणे सांगायचा. "त्याला कुणीतरी उत्तर द्यायला पायजे होतं."

मी एकदा मे महिन्यात त्यांच्या वाडीवर गेलो होतो. सरांची आई म्हणजे एवढीशी, वाकलेली, पण आवाज खणखणीत. मला बघून तिनं पहिला प्रश्न टाकला की ह्याचं लगीन कवा व्हायचं? सर म्हणाले, "आई, लग्न होत नसतं. करावं लागतं."

"मंग कर की रे," म्हातारी म्हणाली आणि भाकरी थापायला आत गेली. मी परतीच्या वाटेवर पोट धरून हसत होतो.

त्याच वर्षीच्या जुलैत ती आजारी पडली. पाऊस लागून राहिला होता. वरंधला एसटीडी बूथ होता, तिथवर उतरून दादानं कॉलेजच्या ऑफिसात फोन केला. मी तेव्हा तिथंच होतो. शिपाई धावत जाऊन सरांना घेऊन आला. आम्हाला एकच बाजू ऐकू येत होती. ताप आहे का? धाप लागतेय का? रस्त्याचं काय? पलीकडचं मला मागाहून कळलं. रस्त्यावर दगड यायला लागले होते. जीपवाला तयार होता, पण जबाबदारी घेत नव्हता. आईला आजच या पावसात खाली महाडला आणायचं की उद्या उघडीप होईपर्यंत थांबायचं, एवढंच दादा विचारत होता. सर बराच वेळ रिसीव्हर कानाला लावून उभे राहिले. मग म्हणाले, "दादा, तू तिथं आहेस. तुला दिसतंय. तू ठरव."

खरं सांगतो, त्यात मला काही वावगं वाटलं नाही. इतक्या लांबून कुणीही तेच म्हणालं असतं. सर मात्र त्या दिवशी तासाला गेले नाहीत. व्हरांड्यात उभं राहून पावसाकडं बघत होते.

दादानं कौल लावला. फूल डावीकडं पडलं. आज नको. पहाटे दरड कोसळली, रस्ता बंद झाला आणि दुसऱ्या रात्री म्हातारी गेली. सर निघाले होते, जीप जिथं थांबली तिथून चालत वर गेले, पण पोचले तेव्हा सगळं आटोपलं होतं.

बाराव्याला मी गेलो. पडवीत माणसं बसली होती. दादा खांबाला टेकून होता. आई गेल्यापासून तो धड बोलला नाही, असं लोक सांगत होते. मला बघून त्याला काय आठवलं कोण जाणे. तो एकदम भावाकडं वळला.

"तू इचारायचास ना, कर्ता कोण? कौल मीच लावला. फूल देवीचं, हात माझा. आईचा जीव मी घेतला. झालं ना आता बरोबर?"

सगळे सरांकडं बघायला लागले. जन्मभर हा माणूस ज्या वाक्याची मागणी करत आला ते वाक्य त्याच्या सख्ख्या भावानं पुरं करून समोर ठेवलं होतं. व्याकरणात कुठं चूक नव्हती. सर आता काय बोलतील याची मला धास्ती वाटली.

सर उठले आणि दादाला लागून खाली बसले. त्यांनी त्याचा हात दोन्ही हातांत धरला आणि लहान पोराला शिकवावं तसं एकेक वाक्य सावकाश म्हणाले, "दरड कोसळली. रस्ता बंद झाला. आई गेली."

"पण थांबलो मी ना रे," दादा म्हणाला.

"तू थांबला नाहीस, दादा. थांबावं लागलं."

दादानं त्यांच्या खांद्यावर डोकं टेकलं आणि तो रडायला लागला. इतक्या दिवसांनी पहिल्यांदाच, असं कुणीतरी म्हणालं. सर त्याच्या पाठीवरून हात फिरवत पुन्हा पुन्हा तेच म्हणत राहिले, थांबावं लागलं, थांबावं लागलं. मलाही रडू आलं. इथं कुणी कर्ता विचारू नये.

संध्याकाळच्या एस्टीनं आम्ही दोघं परत निघालो. सुट्टी संपत आली होती. सर खिडकीशी बसले होते. मी धीर करून म्हणालो, "सर, तुमचंही तेच आहे. दरड कोसळली. तुमच्या हातात काय होतं?"

"ते वाक्य दादासाठी होतं," सर म्हणाले. "त्याला पाहिजे होतं, मी दिलं. मला नको."

मी म्हणालो, अहो, त्या पावसात जीप दरीत गेली असती तर?

"गेली असती. पण तो उत्तर विचारत नव्हता. त्याला एकट्यानं ठरवायचं नव्हतं, बरोबर कुणीतरी हवं होतं. 'आण तिला' किंवा 'थांब', काहीही म्हटलं असतं तरी चाललं असतं." मग म्हणाले, "आणि हे मला फोनवरच कळलं होतं हो."

तेवढ्यात कंडक्टर आला आणि कुठं जायचं, असं त्यानं सरांना विचारलं. त्यांनी माझ्याकडं पाहिलं.

"महाड," मी म्हणालो. "दोन."