पाचवा दिवा

"नाव आजच्या आज ठेवून टाक. त्या घरात तोंडं फार आहेत," असं सुदक्षिणेच्या आईनं इस्पितळातच तिच्या कानात सांगितलं होतं. सुदक्षिणेनं ते एका कानानं ऐकलं आणि दुसऱ्या कानानं सोडून दिलं. नाव म्हणजे काय मीठमोहरी आहे, हाताला लागली आणि टाकली? ती एम.ए. होती. मुलीला सातव्या महिन्यात पहिला भात भरवायचा, त्या दिवशी नाव जाहीर व्हायचं. तोवर जगातल्या साऱ्या भाषा पालथ्या घालून ती असं नाव काढणार होती की कुठल्याही देशात कुणी हसता कामा नये.

ती नावांच्या मागे अशी लागली, की पोलिसांनीही शिकावं. एक सुरेख नाव तिनं केवळ एवढ्यासाठी बाद केलं की कुठल्याशा बेटावर म्हणे त्याचा अर्थ भोपळा होतो. शेवटी सापडलं: इरा. संस्कृतात पृथ्वी, वाणी. हिब्रूत जागरूक. बाळाचा श्वास चाललाय ना हे झोपेतही चाचपून पाहणाऱ्या आईला याहून काय हवं होतं?

दरम्यान घरातलं सर्वांत मोठं तोंड उघडलंही होतं. हे तोंड पिशिमांचं, म्हणजे सासऱ्यांच्या थोरल्या बहिणीचं. सासूबाई गेल्यापासून कृष्णनगरचं ते घर पिशिमाच चालवत. त्यांनी दुपट्यातलं बाळ पाहिलं आणि म्हणाल्या, "अगं, ही तर पुँटी." पुँटी ही बोटाएवढी चंदेरी मासळी, मोहरीच्या तेलात कुरकुरीत तळून भाताबरोबर खातात. संध्याकाळपर्यंत दूधवालासुद्धा पुँटीची चौकशी करू लागला. सुदक्षिणेला त्याचं काही वाटलं नाही. घरातलं हाकेचं नाव काहीही असतं. तिचा नवरा पल्लव कचेरीत मोठा इंजिनियर आणि घरात भोंबोल. कागदावरचं चांगलं नाव महत्त्वाचं.

पण त्या घरात चांगलं नाव दिवे ठरवत. प्रत्येक नावापुढे एक पणती लावायची, जी शेवटपर्यंत तेवेल तिचं नाव मुलीला. आणि पिशिमांचा हट्ट, दिवे पाचच हवेत.

एक दिवा इराचा. दुसरा व्होल्गाचा. सासरे नृपेनबाबू भूगोलाचे निवृत्त मास्तर, नात नदीसारखी व्हावी आणि नदी असावी तर बर्फाच्या देशातली, हे त्यांचं जुनं स्वप्न. तिसरा पल्लवच्या अपराजितेचा. हे नाव त्यानं अशासाठी सुचवलं की त्यावर घरात कुणी भांडू शकत नव्हतं. चौथा पिशिमांचा, आन्नाकाली.

हे नाव ऐकून सुदक्षिणा पिशिमांकडे वळली. कारण तिला त्याचं मूळ ठाऊक होतं. मुलींवर मुली झाल्या की शेवटचीला हे नाव ठेवत: काली माते, आता पुरे, अजून नको.

"पिशिमा, ही तर पहिलीच मुलगी आहे."

"म्हणून तर, बौमा," पिशिमा सुनेला म्हणाल्या. "आधीच सांगून ठेवलेलं बरं. माझ्या मावशीचं नाव आन्नाकाली. पाठीवर पाच भाऊ झाले."

इथे गंमत संपली. आपल्या लेकीनं जन्मभर 'आता पुरे' या हाकेला ओ द्यायची? सुदक्षिणेनं पदर खोचला. पाचव्या दिव्यावर पिशिमा आपल्या गुरूंनी सुचवलेलं निस्तारिणी बसवणार हे तिनं ओळखलं आणि गोड आवाजात म्हणाली की पाचवं नाव पुँटीच राहू द्या, तोंडात बसलेलंच आहे. पिशिमांना आपल्या नावाचा मान झालेला आवडला. एक प्रतिस्पर्धी फुकटात कटला. सुदक्षिणेला आपल्या शिक्षणाचा अभिमान वाटला.

उष्टावणीची सकाळ माघातली, कडाक्याच्या थंडीची. देवघरात तांदळाच्या पिठानं पाच नावं रेखलेली, पुढे पाच पणत्या. आणि सुदक्षिणेची नजर दारावर. नृपेनबाबू चष्मा शोधायला देवघरात गेले, चष्मा नाकावर असताना. पिशिमा तुळस आणायला आत गेल्या, तुळस अंगणात असताना. सुदक्षिणा काय चाललंय ते समजली, पण तिला बोलायला तोंड नव्हतं. कोरी पणती तेल पिते, म्हणून आपली पणती तिनं आदल्या रात्रीच पाण्यात बुडवून ठेवली होती आणि गुपचूप जागेवर आणून मांडली होती.

पिशिमांनी शंख फुंकला, दिवे लागले. बैठकीत मामा, म्हणजे सुदक्षिणेचा भाऊ बुबाई, भाचीला मांडीवर घेऊन पायेशाची, म्हणजे खिरीची, वाटी सांभाळत बसला होता. नाव ठरल्याशिवाय घास नाही. पाहुण्यांच्या पोटात कावळे, आणि भाची डोक्यावरचा उष्टावणीचा पांढरा मुकुट काढून तोच चघळत होती.

व्होल्गा मशालीसारखी भडकली. नृपेनबाबूंनी जुन्या धोतराची अंगठ्याएवढी वात वळून ठेवली होती. तिनं ओंजळभर तेल घटाघटा पिऊन टाकलं, छतावर काजळीचा ढग काढला आणि सर्वांआधी प्राण सोडला. आन्नाकालीत पिशिमांनी दोन पळ्या साजूक तूप ओतलं होतं. थंडीनं ते असं थिजलं की इवलीशी वात त्यात पाय रुतल्यासारखी उभी राहिली आणि विझली. सुदक्षिणेनं मनातल्या मनात हात जोडले. तेवढ्यात इरा चट् चट् करू लागली. ओली माती तापली, पणतीला वरपासून खालपर्यंत तडा गेला आणि तेल पिठाच्या नावावरून वाहत गेलं. पल्लव म्हणाला की फोटो काळा येतोय, आणि त्यानं खिडकी उघडली. खिडकीजवळची अपराजिता वाऱ्याच्या पहिल्याच झुळकीला पराभूत झाली.

कोपऱ्यातली पुँटी मात्र शांतपणे तेवत होती. तिला कुणी हातच लावला नव्हता.

"दिव्यानं कौल दिला," पिशिमा कोरड्या आवाजात म्हणाल्या. "चांगलं नाव, पुँटी."

सुदक्षिणेच्या डोळ्यांपुढे शाळेची हजेरी आली, मग पदवीदान समारंभ, मग दारावरची पाटी: डॉक्टर पुँटी मुखोपाध्याय. लबाडी झाली असं ओरडावं, तर कुणाची ते सांगावं लागणार. तिनं पिशिमांकडे पाहिलं, त्या तुपकट बोटं पदरात लपवत होत्या. नृपेनबाबू छताकडे सोडून सगळीकडे बघत होते. त्या देवघरात तक्रार करण्याइतका निर्दोष माणूस एकही नव्हता.

"पिशिमा," ती हळूच म्हणाली, "दिव्याला वाचता येतं का?"

"मातीचा दिवा तो. त्याला कुठून वाचता येणार?"

"म्हणजे त्यानं अक्षरं नाही निवडली. ती मासळी निवडली. मग तिला संस्कृतात काय म्हणतात ते ठेवलं तर चालेल ना? शफरी."

मग तिनं श्वास न घेता सांगितलं, की जुन्या कवींना नदीचे चंचल कटाक्ष म्हटले की ही उसळणारी शफरीच आठवे. नृपेनबाबू विचारात पडले. "नदीतलीच म्हणायची," ते म्हणाले, आणि त्यांचं मत पडलं. पिशिमांनी खूप वेळ दिव्याकडे पाहिलं. दिवा काही बोलला नाही.

"कागदावर लिही काय लिहायचं ते. अर्थ बदलला नाही म्हणजे झालं."

बुबाईनं घास भरवला. सुदक्षिणा पाहुण्यांच्या पंक्तीतून ताठ मानेनं फिरली, नावाचा अर्थ, मूळ, कवी, कटाक्ष सगळं समजावत. प्रत्येकानं मान डोलावून शेवटी तेच विचारलं: "म्हणजे पुँटीच ना?"

एवढं झाल्यावर पिशिमांचा दिव्यांवरचा विश्वास उडाला असता तर बरं झालं असतं. तो दुणावला. गेल्या आठवड्यात त्या पाच नव्या पणत्या आणि तुपाचा डबा पिशवीत घालून वर्धमानला धाकट्या भावाकडे रवाना झाल्या. तिथली सून फाल्गुनात बाळंत व्हायची आहे. सोनोग्राफीचं चित्र बघून त्यांनी बाळाला काछिम, म्हणजे कासव, म्हणायला सुरुवातही केली आहे. सुदक्षिणेचं तुमच्यापाशी एकच मागणं आहे. वर्धमानकडे कुणाचं जाणंयेणं असेल तर स्टेशनामागच्या मुखोपाध्यायांकडे जरा डोकावून या आणि त्या सुनेची विचारपूस करा. पाचव्या दिव्याबद्दल तिला सावध करायचंय, आणि दोन दिवस झाले, ती फोन उचलत नाहीये.