पाऊण इंच

शनिवारी दुपारी सूर्यभान जठारपेठेतून दही घेऊन घरी आले, आणि फाटकापासून ओट्यापर्यंतच्या पंधरा पावलांत त्यांच्या मुलीनं त्यांना आजारी ठरवलं.

मुलगी पौर्णिमा अमरावतीला फिजिओथेरपिस्ट होती. दोन दिवसांच्या सुट्टीवर अकोल्याला आली होती आणि ओट्यावर बसून कैरी चिरत होती. कोणाला चालताना पाहिलं की तिचे डोळे आपोआप कमरेवर, मग गुडघ्यावर, मग घोट्यावर जात. वडिलांचा डावा पाय सरळ पुढे न येता बाहेरून अर्धगोल फिरून येत होता.

"बाबा, थांबा. परत फाटकापाशी जा आणि चालत या."

"काहून? दही आंबट हाये का?"

"दही राहू द्या. चालून दाखवा."

सूर्यभान गेले आणि आले. तिनं मोबाइल काढला. ते पुन्हा गेले आणि आले. सहाव्या फेरीला मैनाबाई स्वयंपाकघरातून बाहेर आल्या.

"काय वं, बापाले परेड करवून राहिली का?"

"आई, माणसाचा पाय साठ टक्के वेळ जमिनीवर असतो आणि चाळीस टक्के हवेत. आधी टाच टेकते, मग तळवा, मग अंगठा मागे ढकलतो. बाबांचा डावा पाय हवेत असताना गोल फिरतोय."

"तीस वर्स टपाल वाटलं या पायाईनं," सूर्यभान म्हणाले. "कोनं टक्केवारी मागतली नाई. चाल पाहाची तं पुंजारामची पाह्य. जन्माचा लंगडा, पन त्याले कोनी असं उन्हात फिरवलं नाई."

पुंजाराम हा त्यांचा टपाल खात्यातला दोस्त. पुंजारामनं पत्रं निवडायची आणि सूर्यभाननी वाटायची, असं तीस वर्षं चाललेलं. आदल्या दिवशीच दोघं मंदिरात पोथीच्या पारायणाला जोडीनं बसले होते.

"चपला काढून चाला बरं एकदा."

"या उन्हात?" मैनाबाई म्हणाल्या. "फरशीवर पापड भाजते. तुह्या बापाचे पाय भाजाचे हाये का?"

म्हणून सगळे आत आले. बैठकीच्या खोलीत सूर्यभान अनवाणी सहा पावलं चालले, आणि अगदी सरळ चालले.

"पाह्यलं? हाये काही?"

"सहा पावलांत काही कळत नाही. शिवाय घरात भिंतीचा आधार असतो."

"म्या भिंतीले हात तरी लावला का?"

"हात नाही लावला तरी मनाला आधार असतो."

सूर्यभाननी एकदा भिंतीकडे पाहिलं. मग म्हणाले, "कालपासून चप्पल जड वाटून राह्यली, एवढंच."

"पाय जड वाटतो, बाबा. पेशंटला ते चपलेचं वाटतं." आणि तिनं वहीत लिहिलं: डावा पाय जड, कालपासून.

चित्रफीत तिनं सहकाऱ्यांच्या ग्रुपवर टाकली. तीन जणांनी मिळून चार निदानं दिली. एक म्हणाला खुबा, दुसरी म्हणाली मणका, तिसरा म्हणाला दोन्ही, आणि जेवण झाल्यावर त्यानंच कळवलं की पक्षाघाताचा लहानसा झटका येऊन गेला असावा, उशीर नको. पौर्णिमानं सोमवारची मेंदूच्या तपासणीची वेळ घेतली आणि मेडिकलवाल्याला वॉकर पाठवायला सांगितलं. मैनाबाईंनी फक्त नणंदेला फोन केला.

तेवढं पुरलं. तासाभरात पार्बताबाई रिक्षातून उतरल्या. "सूर्याले लकवा मारला म्हने?" हे त्या फाटकाबाहेरूनच विचारत आल्या, त्यामुळे गल्लीलाही कळलं. शेजारी शहाळी घेऊन आले. दार सूर्यभाननीच उघडलं.

"पेशंट कुठी हाये?" एकानं विचारलं.

"तुमच्या पुढे उभा हाये."

"उभे नका राहू, काका. बसा."

शेवटी सूर्यभानचं डोकं सटकलं. आपण ठणठणीत आहोत हे दाखवायला त्यांनी पायात चपला घातल्या आणि सगळ्यांच्या देखत गल्लीत तीन फेऱ्या मारल्या. त्यानंतर कोणाच्याच मनात शंका उरली नाही. पार्बताबाईंनी पदर डोळ्याला लावला.

संध्याकाळी वॉकर आला. सूर्यभाननी तो नीट पाहिला, अंगणात नेऊन उभा केला आणि त्यावर आपलं ओलं धोतर वाळत घातलं.

"कामाची वस्तू हाये," ते म्हणाले.

"बाबा, सोमवारी तपासणी. नंतर तुम्ही आणि आई माझ्याकडे अमरावतीला."

"मी नाई येत."

"तुमची चाल बिघडली आहे."

"चाल नाई बिघडली. तुही नजर बिघडली, लय शिकून." मग आवाज खाली आणून ते म्हणाले, "समज, माहं खरं निघालं तं?"

"तर कबूल करीन."

"तू? सातवीत शाईची दौत सांडली ते अजून मांजरीवर हाये. आपल्या घरी मांजर नव्हती."

मैनाबाई हसल्या. पौर्णिमालाही हसू आलं, पण तिनं ते दाबलं.

"हळू कबूल नोको करशीन," सूर्यभान म्हणाले. "माहे कान गेले. मोठ्यानं म्हनशीन. अन् चारचौघात."

"बरं."

"सोमवारी येतो मंग तुह्या मशीनमंदी."

रविवारी सकाळी, चहाचा कप अर्धा प्यायलेला असताना, सूर्यभान गेले. हृदय थांबलं, असं डॉक्टर म्हणाले. पौर्णिमानं पायाबद्दल विचारलं. डॉक्टर म्हणाले, पायाचा काही संबंध नाही. सोमवारी तपासणी केंद्रातून फोन आला, की पेशंट अजून आले नाहीत. तिनं सांगितलं, येणार नाहीत.

पुंजाराम अंत्यविधीला आला नाही, याचं सगळ्यांना नवल वाटलं. तो शनिवारीच धामणगाव रेल्वे या गावी लेकीकडे गेला होता आणि तिथे त्याची कंबर धरली होती. डॉक्टरांनी दहा दिवस उठायचं नाही म्हणून सांगितलं होतं. फोनवर तो नुसता रडला आणि त्यानं तेरवीला येतो म्हणून सांगितलं.

तेरवीच्या दिवशी अंगणात मांडव होता. दानाची मांडणी पार्बताबाईंनी केली: गादी, छत्री, काठी, तांब्या. या घराण्यात दानाला नवी चप्पल चालत नसे. गेलेल्या माणसाच्या पायातलीच द्यायची, म्हणजे पुढची वाट ओळखीची लागते, असं पार्बताबाईंच्या आजीपासून चालत आलेलं. त्यांनी ओट्याखालून सूर्यभानच्या काळ्या चपला काढल्या, पुसल्या आणि गादीशेजारी ठेवल्या. गुरुजींनी पळीत पाणी घेतलं.

तेवढ्यात फाटकातून पुंजाराम आला. कमरेत वाकलेला, पुढे वॉकर, मागे जावई. पंधरा पावलांना त्यानं पाच मिनिटं घेतली. पौर्णिमाच्या समोर येऊन त्यानं तिच्या डोक्यावर हात ठेवला. मग दानाकडे पाहून हात जोडले. जोडलेले हात तसेच राहिले.

"गुरुजी, थांबा," तो म्हणाला. "या चप्पला माह्या हाये."

गुरुजींनी पळी खाली ठेवली.

"पुंजारामभाऊ, दुःखानं मानूस असं बोलते," पार्बताबाई समजुतीनं म्हणाल्या. "बसा तुमी."

"दुःख हाये, पन चप्पलही माहीच हाये! मी जिता असून माह्या चप्पला दानात देऊन राहिले तुमी! उचल वं पोरी ती डावी. जड लागते का नाई?"

पौर्णिमानं दोन्ही हातांत एकेक चप्पल घेतली. डावी जड होती. तिनं त्या जवळजवळ धरल्या. डाव्या तळाच्या आत, काळ्याच रबराचा, पाऊण इंचाचा एक थर जास्त होता.

"माहा डावा पाय पाऊन इंच कमी हाये, जन्मापासून," पुंजाराम म्हणाला. "चांभाराकडून थर घालून घेतो. तुह्या बापानं पाह्यल्या अन् म्हने, मलेही अश्शाच पाह्यजे, फक्त बिना थराच्या. वरून एकसारख्या. पारायनाले अदलाबदल झाली असन." त्यानं स्वतःच्या पायांकडे पाहिलं. "म्हनजे ह्या त्याच्या हाये. मंग माही कंबर..."

"म्हणजे दहा दिवस आम्ही तुम्हाला चपलेपायी झोपवून ठेवलं?" जावई म्हणाला.

"अन् गोळ्या खाऊ घातल्या ते येगळंच."

पुंजारामनं पायातल्या चपला काढल्या, आपल्या घातल्या आणि जावयाच्या हातात वॉकर देऊन मांडवात चार पावलं टाकली. नेहमीसारखा चालला. मैनाबाई इतका वेळ एका जागी बसून होत्या. त्यांनी उठून आपला ओला टॉवेल जावयाच्या हातातल्या त्या दुसऱ्या वॉकरवर टाकला आणि परत जागेवर जाऊन बसल्या.

पौर्णिमानं वडिलांच्या चपला उलट्या केल्या. माणूस खोटं बोलेल, चपलेचा तळ खोटं बोलत नाही, हे ती स्वतः विद्यार्थ्यांना शिकवायची. कमर, गुडघा, घोटा तिनं चौदा वेळा पाहिला होता. त्याच्या एक इंच खाली एकदाही पाहिलं नव्हतं. दोन्ही तळ सारखे झिजले होते. टाचेला बाहेरून थोडेसे, अंगठ्याखाली थोडेसे, डावा तसाच उजवा. पुस्तकात छापावेत असे.

"दे इकडे त्या," पार्बताबाई म्हणाल्या. "खऱ्या सापडल्या ते बरंच झालं. ठेव दानात. गुरुजी खोळंबले."

"नाही."

"नाही म्हनजे?"

"बाजारातून नवी आणते, आत्या. या नाही देणार."

"अवं, घरान्याची रीत हाये! सूर्या वाटंनं अनवानी जाईन का?"

"त्यांना वाट पाठ असते. तीस वर्षं टपाल वाटलंय."

गुरुजींनी घड्याळाकडे पाहिलं आणि नवीही चालते, असं हळूच सांगितलं. पार्बताबाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं, की ते पुन्हा पळीकडे वळले.

पौर्णिमानं चपला पायात घातल्या. दोन बोटं मोठ्या होत्या. ती मांडवाबाहेर, तापलेल्या फरशीवर गेली आणि फाटकापर्यंत चालली. टाच, तळवा, अंगठा. फाटकापाशी ती वळली. सगळी तेरवी जेवण विसरून तिच्याकडे पाहत होती: आत्या, आई, पुंजाराम, गुरुजी, शहाळीवाले शेजारी. चारचौघं नव्हे, चांगली सत्तर माणसं. वीस वर्षं अमरावतीला राहून तिनं स्वच्छ धुऊन घेतलेली भाषा तिथे फाटकापाशीच राहिली.

"बाबा," ती ओरडली, गल्लीच्या टोकापर्यंत ऐकू जाईल एवढ्यानं, "माह्यं चुकलं! तुमची चाल बरोबर व्हती! अन् दौत म्याच सांडली व्हती!"