फक्त उत्तरे

साप्ताहिकातल्या 'मनमोकळं' या सदरात वयात येणाऱ्या मुलामुलींच्या शंकांना 'ताई' उत्तरं देत असत. ताई कोण, हे घरीदेखील सांगायचं नाही, अशी नेमणूकपत्रातच अट होती. सदर सुरू झालं आणि महिन्याभरात शालीनता समिती स्थापन झाली: संपादक, जाहिरात व्यवस्थापक आणि एक निवृत्त मुख्याध्यापक. पहिल्याच बैठकीत एकमताने ठरलं, की प्रश्न छापण्याजोगे नसतात. सबब यापुढे फक्त उत्तरं छापावीत.

खप वाढला. आवाज फुटलेल्या एका मुलाला ताईंनी लिहिलं, "घाबरू नकोस, दोन वर्षांत सगळं आपोआप ठीक होईल." ते वाचून मोठ्या नाकाची एक मुलगी दोन वर्षं आरशासमोर वाट बघत बसली.

मग मुख्याध्यापकांच्या लक्षात आलं, की उत्तरावरून प्रश्न ओळखता येतो.

"'पुरळ फोडू नकोस' असं छापलं, की पुरळ आहे हे उघड होतं," ते म्हणाले.

"मग काय छापायचं?" ताईंनी विचारलं.

"'नकोस' पुरे आहे. संस्कारही होतो."

त्या मंगळवारी टपालात एक पाकीट आलं. उजवीकडे कललेलं अक्षर, 'ळ'ची लांबलचक शेपटी. ताईंनी लगेच ओळखलं. त्यांची तेरा वर्षांची लेक तीन आठवडे घरातसुद्धा तोंडाला रुमाल बांधून वावरत होती. "धूळ फार आहे," म्हणायची आणि भिंतीकडे तोंड करून जेवायची. मुलांशी बोला, असं पालकांना दर आठवड्याला बजावणाऱ्या ताईंना घरी तेवढी सवड झाली नव्हती.

"ताई, माझ्या वरच्या ओठावर लव आली आहे. वर्गात मला हवालदार म्हणतात. आईला विचारलं असतं, पण तिचा चेहरा इतका गुळगुळीत आहे की तिला काही कळायचं नाही."

गेली बावीस वर्षं त्या दर दुसऱ्या शनिवारी डोकं दुखतंय असं सांगून न्हाणीघराचं दार लावून घेत आणि दोऱ्याने ओठ साफ करीत. त्यांनी एका दमात उत्तर लिहिलं: "मलाही आहे. तुझ्याएवढी होते तेव्हापासून आहे. दार लावून दोऱ्याने काढते, म्हणून कुणाला दिसत नाही. तुला वाटलं तर काढ, नाहीतर राहू दे. चेहरा तुझा आहे."

समिती बसली. संपादकांनी 'मलाही' खोडलं. ताईंना स्वतःला काही असता कामा नये. जाहिरात व्यवस्थापकांनी दोरा खोडला, कारण समोरच्या पानावर केस काढायच्या मलमाची जाहिरात होती. मुख्याध्यापकांना 'चेहरा' फारच शारीरिक वाटला. शेवटी उरलं: "आहे."

आज भांडायचंच, असं ठरवून ताईंनी तोंड उघडलं. तेवढ्यात खिडकीतलं ऊन थेट त्यांच्या चेहऱ्यावर आलं. शनिवार अजून चार दिवस लांब होता. त्यांनी ओठावर हात ठेवला आणि दुसऱ्या हाताने सही केली.

शुक्रवारी लेक अंक घेऊन स्वयंपाकघरात आली.

"आई, तू तिथेच कामाला आहेस ना? मग सांग, 'आहे' म्हणजे काय? कुणाला आहे?"

स्वयंपाकघरात समिती नव्हती. एकच शब्द बोलायचा होता. ताईंनी गॅस बारीक केला, मग पुन्हा मोठा केला.

"त्यांनाच लिहून विचार ना," त्या म्हणाल्या. "नाव गुप्त ठेवतात."

शनिवारी ताई दोरा घेऊन न्हाणीघराशी गेल्या, तर दाराला आतून कडी. टेबलावर अंक पडला होता. त्यातली मलमाची जाहिरात तेवढी नीट कापून घेतलेली होती.

"काय गं, काय करतेयस आत?"

"काही नाही," आतून उत्तर आलं. "डोकं दुखतंय."

त्या अंकाबद्दल पालकांची एकही तक्रार आली नाही, अशी इतिवृत्तात समाधानपूर्वक नोंद आहे. तुमच्याही घरी येतो ना अंक? तुमचीही आली नव्हती.