चार वेळा दूध देणारी म्हैस

उमरठच्या वरच्या वाडीतल्या धोंडूने मला म्हैस विकताना फसवलं. हे आधीच लिहून ठेवतो, म्हणजे पुढे त्याच्याबद्दल चुकून काही बरं लिहिलं गेलं तर कोणाचा गैरसमज नको.

पोलादपुरात माझी डेअरी आहे. सायकलला दोन किटल्या लावून सुरुवात केली आणि इथवर आलो. सौद्यात मला कोणी गुंडाळलं नव्हतं. धोंडूची म्हैस दिवसातून चार वेळा दूध देते असं कानावर आलं, तेव्हा सांगणाऱ्याला मी शिव्या घातल्या. मग दिवसभर वाडीत बसून स्वतः बघितलं. सकाळी एक धार, संध्याकाळी एक. मधे दुपारी तो म्हशीला घेऊन घळीत गेला आणि तासाभराने दोन भरलेल्या बादल्या घेऊन बाहेर आला. मी त्याच दिवशी सौदा केला. तीन दिवसांत मला कळलं, की माझ्या गोठ्यात ती दोनदाच दूध देते.

त्या घळीला वाडीतले लोक लांबण म्हणतात. आत अख्खा दिवस काढा, बाहेर तासच झालेला असतो. वाडीला याचं काही नवल नाही. पाहुणे अचानक आले तर बायका कैरीचं लोणचं मुरायला तिथे ठेवतात. मला हे कोणी सांगितलं नाही. मी विचारलं नाही, असं त्यांचं म्हणणं.

धोंडू शाळेत माझ्याच बाकावर होता. आज त्याचे दात गेलेत, पाठ वाकलीय. एसटीत लोक उठून त्याला जागा देतात आणि मला सांगतात, "बाबांना नीट धरून बसवा." तासाभरासाठी बाहेर जाताना हा दोन वेळच्या भाकऱ्या बांधून घेतो. सकाळी केलेल्या बोलण्याला दुपारी म्हणतो, "काल तू बोललास ना!" त्याच्याशी भांडणसुद्धा सरळ होत नाही. आपण आजचं भांडतो, तो कालचं.

मी तावातावाने वाडीत गेलो. तो भाकऱ्या बांधत होता.

"धोंड्या, माझी दोन वेळची धार कुठाय?"

"बाळ्या, मी म्हैस इकली. घळ नाय इकली."

"बाहेर ये, बघतोच तुला!"

"भांडायचं तर आत चल. हितं मला वेळ नाय."

मी गेलो. मनसोक्त भांडलो. घसा बसला, भूक लागली, त्याच्यातलीच भाकरी खाल्ली, पुन्हा भांडलो. डोळे मिटायला लागले, पण सूर्य आंब्याच्या त्याच फांदीवर. झोपून उठलो तरी तो तिथेच. दाढीचे खुंट हाताला लागत होते. सकाळ की दुपार, कालचं भांडण की आजचं, मला काहीच सांगता येईना.

तेव्हा दिसलं, की कातळावर घासलेली दोन ताटं आहेत. एकात आम्ही दोघं जेवलो होतो. दुसऱ्याला त्याने हात लावू दिला नव्हता.

"हे कोणाचं?"

"विलासचं."

विलास त्याचा मुलगा, मुंबईत असतो. पंधरा शिमग्यांपूर्वी पालखीला आला होता. दोन तासांत परत निघायचं म्हणाला, म्हणून धोंडू त्याला इथे घेऊन आला. दोन तासांचे दोन दिवस होतील, एवढाच त्याचा लोभ. जेमतेम जेवण झालं आणि विलास म्हणाला, "बाबा, इथे रेंज नाय. फोन करून दहा मिनिटांत येतो. हितंच थांबा." आणि तसाच गाडीत बसून गेला.

"मग?"

"पाच दिवस थांबलो. शिधा संपला तेव्हा भायेर आलो. उन्हं पण उतरली नव्हती."

"पाच दिवस! आणि तू त्याला काही बोलला नाहीस?"

"त्याची काय चूक रे? त्याचे पाचच तास झालेले. पाच तास मानूस कुठं बी अडकतो."

तेव्हापासून रोज दुपारी तो इथे येऊन बसतो. बाहेरच्या एका दिवसामागे त्याचे दोन जातात. विलास फोनवर "येतो" म्हणतो, एवढंच.

"मग म्हैस का विकलीस? तेवढीच सोबत होती की."

तो विलासचं ताट बराच वेळ पुसत राहिला. तिथे बराच म्हणजे किती, कोणास ठाऊक.

"ती माझ्यासंगं म्हातारी व्हाय लागली. पोर माझा हाय बाळ्या, तिचा नाय."

बाहेर आलो तर माझ्या मोटारसायकलचं इंजिन अजून कोमट होतं.

म्हैस मी परत केली नाही. आठवड्यातून एकदा भांडायला मात्र जातो, कारण फसवणूक ती फसवणूकच. पण ती दहा मिनिटं कधी संपणार, हे धोंडूला विचारून उपयोग नाही. विलास, तू दहा मिनिटं म्हणाला होतास. तुझा बाप माझ्या वयाचा आहे. घळीत रेंज नाही, तेव्हा फोन करू नकोस. इथे ये, त्या ताटासमोर बस आणि उत्तर दे.