चिंचकेरीचा बुधवार

इंदुमतीबाईंच्या पत्राला शेषगिरीरावांनी उत्तर दिलं नाही, ते उर्मटपणामुळे नव्हे. उत्तरं त्यांनी पुष्कळ लिहिली. त्यातलं एकही त्यांना स्वतःला पसंत पडलं नाही, एवढंच.

पत्र चार ओळींचं होतं आणि ते कागदावर नव्हतं. सर्वांनी मिळून लिहायचा एक मराठी ज्ञानकोश तेव्हा, म्हणजे २००७ च्या सुमाराला, संगणकावर चालत असे. कुणीही लेख लिहावा, कुणीही तो सुधारावा. मात्र नव्या माणसाचं लेखन आधी एखाद्या तपासनिसाच्या नजरेखालून जाई, आणि तोवर लेखाच्या माथ्यावर 'तपासणी बाकी' अशी पिवळी पट्टी दिसे. शेषगिरीरावांचे लेख इंदुमतीबाई तपासत. त्या कोण, कुठल्या, वयाने केवढ्या, हे त्यांना ठाऊक नव्हतं आणि विचारण्याचं धाडस त्यांच्यात नव्हतं. बाईंनी लिहिलं होतं, "आपल्या लेखांत आता दुरुस्त करण्यासारखं काही सापडत नाही. आपल्याला 'विश्वासू लेखक' हा अधिकार द्यावा असं मी सुचवते आहे. मग आपलं लेखन तपासणीसाठी थांबणार नाही. आपली हरकत नाही ना?"

'हरकत नाही' म्हणावं, तर स्वतःला विश्वासू म्हणवून घेतल्यासारखं होणार. 'मी पात्र नाही' म्हणावं, तर बाईंची पारख चुकली असं सुचवल्यासारखं. 'जशी आपली इच्छा' हे फार कोरडं वाटे, 'आपली कृपा' हे फार ओलं. या कोरड्या-ओल्यात आठवडा गेला. मग बाईंचीच एक ओळ आली, की हरकत कळवली नाहीत, तेव्हा अधिकार दिला आहे, अभिनंदन.

शेषगिरीराव धारवाडच्या एका कॉलेजच्या ग्रंथालयातून निवृत्त झाले होते. लोकांनी लिहिलेली पुस्तकं लोकांना देण्यात त्यांचा जन्म गेला. स्वतः त्यांनी लग्नाच्या आमंत्रणाला पाठवायच्या शुभेच्छासुद्धा कधी बायकोला, म्हणजे कृष्णाबाईंना, दाखवल्याशिवाय टपालात टाकल्या नव्हत्या. मुलगी वेदश्री पुण्याला असते. तिने नवा संगणक घेतला आणि जुना धारवाडातल्या माळमड्डीच्या घरी पाठवला, तेव्हा तो काही दिवस टेबलक्लॉथखाली झाकूनच होता. पुढे एकदा भीतभीत त्यांनी अळणावरकडच्या चिंचकेरी या गावावर दहा ओळी लिहिल्या. ती माहिती शेवंताची. शेवंता दर बुधवारी चिंचकेरीहून रेल्वेने लोणी घेऊन येई, आणि लोणी तोलून होईपर्यंत गावचं सगळं सांगून होई.

त्या दहा ओळींखाली इंदुमतीबाईंनी लिहिलं होतं, "गावाला एवढी चिंच आहे तर तिचं करतात काय?" शेषगिरीरावांना कुणी असं विचारलेलं फार वर्षांत आठवत नव्हतं. ते पुढच्या बुधवारची वाट बघत बसले, शेवंताला विचारलं, आणि उत्तर लेखात घातलं. मग हा नादच लागला. लेख लिहायचा, पिवळी पट्टी चढायची, आणि दोन-तीन दिवसांत पट्टी जाऊन तिथे बाईंचं एखादं वाक्य यायचं. "हे कुठं वाचलंत?" "वाक्य लांब झालंय, पण तोडवत नाही." हे दुसरं वाक्य त्यांनी कृष्णाबाईंना वाचून दाखवलं होतं. त्या म्हणाल्या होत्या, "मला नाही बाई तुमची लांब वाक्यं कधी एवढी आवडली."

अधिकार मिळाल्यावर पट्टी गेली आणि तिच्याबरोबर बाईही गेल्या. लिहिलं की लेख सरळ जगासमोर, आणि जग गप्प. शेषगिरीरावांनी मोठ्या कष्टाने धारवाडी कशिद्यावर लेख लिहिला. काही नाही. मलप्रभा नदीवर लिहिला, त्यात मुद्दाम एक लांब वाक्य घातलं. तेही तसंच पडून राहिलं. सकाळी चहा व्हायच्या आधी ते संगणक लावून बघत आणि मग तोंड पाडून चहाला येत.

"काय म्हणतात तुमच्या बाई?" कृष्णाबाईंनी विचारलं.

"काही नाही. आता त्यांना माझं बघावं लागत नाही."

"चांगलं झालं की मग."

"हो, चांगलंच झालं," शेषगिरीराव म्हणाले, आणि त्यांनी बिस्कीट चहात बुडवलं ते तिथेच विसरले.

कृष्णाबाईंनी चमच्याने बिस्कीट बाहेर काढलं. "शाळेत शिवणाच्या तासाला माझी काजं सरळ यायची," त्या म्हणाल्या. "बाई बघायच्या आणि पुढं जायच्या. शेजारची यमुना वेडीवाकडी घालायची, तर तिच्याजवळ बसून, हात धरून शिकवायच्या. मग मीपण वाकडी घालायला लागले."

"मग?"

"मग काय, बसल्या की माझ्याजवळ."

शेषगिरीरावांनी चूक करायचं ठरवलं. पण चूक करणं हे त्यांच्यासारख्या माणसाला सोपं नव्हतं. राजाचं साल चुकवावं, तर कुणी पोर ते परीक्षेत लिहायचं. नदीचं उगमस्थान हलवावं, तर नदीचा अपमान. औषधी झाडांना तर त्यांनी हातच लावला नाही. चूक ठळक हवी, बाईंच्या नजरेत भरणारी, आणि तिने कुणाचं वाकडं होता कामा नये. पुष्कळ विचार करून त्यांनी चिंचकेरीचा लेख उघडला. चिंचकेरीचा आठवड्याचा बाजार, म्हणजे तिकडची संते, मंगळवारी भरे. हा मंगळवार इंदुमतीबाईंनी स्वतः तपासलेला होता. शेषगिरीरावांनी तिथे बुधवार लिहिलं. संतेला जाणाऱ्यांना वार ठाऊकच असतो, आणि ज्यांना ठाऊक नाही ते चिंचकेरीला कशाला जातील?

पट्टी चढली नाही. बाई आल्या नाहीत. विश्वासू माणसाच्या चुकीवरही विश्वासच ठेवायचा असतो, हे त्यांच्या हळूहळू ध्यानात आलं. चूक पुसून टाकावी असं रोज मनात येई, पण बाई आजच येणार असतील तर, म्हणून ते उद्यावर ढकलत.

असे काही आठवडे गेले आणि एका बुधवारी शेवंता आली नाही. त्याच्या पुढच्या बुधवारीही आली नाही. कृष्णाबाईंनी सुभाष रोडवरून लोणी आणवलं आणि कढवताना ते पाण्यासारखं कसं फसफसतं ते शेषगिरीरावांना बोलावून दाखवलं. मग शेवंता उगवली ती एका गुरुवारी, नवी निळी नायटी घालून. नायटीवरून पदरासारखा टॉवेल घेतला होता.

"बुधवारी का नाही आलीस ग?" कृष्णाबाई म्हणाल्या.

"कशी येऊ अक्का, बुधवारी संते असती की."

आतल्या खोलीत शेषगिरीरावांचा हात संगणकावरच थांबला.

"संते मंगळवारी ना तुमची?" कृष्णाबाईंनी विचारलं.

"मंगळवारी हाय तशी हाय. ही दुसरी." शेवंताने टोपली खाली ठेवली आणि बसून सगळं सांगितलं. हुबळीचा एक टेम्पोवाला बुधवारी नायट्या आणि बादल्या भरून गावात आला. मैदान मोकळं. लोक म्हणाले, संते काल झाली. तो ऐकेना. त्याने कोप्पीकर रोडवरच्या कुठल्याशा इंटरनेटच्या दुकानातून काढून आणलेला कागद दाखवला, छापलेला, बुधवार म्हणून. सटवाजी, म्हणजे शेवंताचा नवरा, म्हणाला, छापलंय तर सरकारनं बदललं असेल. मंगळवारी गडीमाणसं संतेला जातात आणि पैसा तिकडेच संपवून येतात. बुधवारी गडी शेतावर होते आणि बायका घरी. त्यांनी टेम्पो रिकामा केला. पुढच्या बुधवारी तो चपला विकणाऱ्या मेव्हण्यालाही घेऊन आला, त्याच्या पुढच्याला भजीवाला आला. आता शेवंता लोणी तिथेच विकते.

"रेल्वेचं तिकीट वाचलं बघा," ती म्हणाली. "कुणी लिवलं त्याचं भलं होऊ दे."

शेषगिरीराव बाहेर आले. त्यांचा चेहरा बघून शेवंताला वाटलं, अण्णांना लोण्याचं फार वाईट वाटलेलं दिसतंय. तिने गुरुवारी येत जाईन असं कबूल केलं.

ती गेल्यागेल्या त्यांनी बुधवार काढून पुन्हा मंगळवार केला. एवढ्यावर हे मिटलं असतं. पण दोनच दिवसांनी त्यांनी लेख उघडला, तर माथ्यावर पिवळी पट्टी. बाई आल्या, अधिकार गेला, असं वाटून त्यांना इतका आनंद झाला की चष्मा काढून पुसावा लागला.

पट्टी त्यांच्यासाठी नव्हती. चिंचकेरीच्या शाळेत शिकवणाऱ्या कुणी ज्योती नावाच्या बाईंनी ज्ञानकोशात नुकतंच लिहायला घेतलं होतं. 'मंगळवार' च्या जागी त्यांनी 'मंगळवार आणि बुधवार' केलं होतं आणि पुरावा म्हणून बुधवारच्या संतेचं छायाचित्र लावलं होतं. त्यात बादल्यांच्या ढिगाशेजारी निळ्या नायटीतली शेवंता स्पष्ट दिसत होती. शेषगिरीराव चर्चेच्या पानावर गेले. तिथे इंदुमतीबाई होत्या.

ज्योतीला त्यांनी लिहिलं होतं, "फोटो फार छान. भजी कशाची आहेत?" ज्योतीने सांगितलं होतं, मिरचीची. त्यावर बाईंनी लिहिलं होतं, "पाणी सुटलं. लिहीत राहा, मी आहे बघायला." दुसऱ्याचं पत्र चुकून आपल्या दारात पडावं आणि आपण ते फोडावं, तसं शेषगिरीरावांना झालं. तरी त्यांनी ते परत वाचलं.

खाली आणखी होतं. बाईंनी ज्योतीला समजावलं होतं, की या लेखाचे मूळ लेखक विश्वासू आहेत आणि ते मंगळवार म्हणतात, तेव्हा आपण जपून बदलू. ज्योतीने लेखातल्या जुन्या बदलांच्या नोंदीवरून उलट दाखवून दिलं होतं, की बुधवारही आधी त्यांनीच लिहिला होता, तोही गावात बुधवारचा बाजार सुरू व्हायच्या आधी. बाईंनी शेवट केला होता, "मग त्यांना आपल्या आधी कळलं असणार. असे लेखक फार थोडे." शेषगिरीराव लेखाकडे परत वळले, तोवर पट्टी काढून त्या निघूनही गेल्या होत्या.

शेषगिरीराव कबुली लिहायला बसले. बुधवार खोटा होता, असं लिहिलं आणि खोडलं, कारण बुधवार आता खोटा नव्हता. मुद्दाम चूक केली, असं लिहिलं, तर चूक कुठे आहे असं बाई विचारणार. कृष्णाबाई कणकेचे हात घेऊन मागे येऊन उभ्या राहिल्या.

"काय चाललंय?"

"चूक कबूल करायचीय. पण ती राहिलेलीच नाही. बाजार भरतोय."

"मग जे राहिलंय ते लिहा की," कृष्णाबाई म्हणाल्या आणि पोळ्या लाटायला गेल्या.

शेषगिरीरावांनी इंदुमतीबाईंचं ते जुनं पत्र काढलं आणि त्याच्याखाली लिहायला घेतलं.

"आदरणीय इंदुमतीबाई, आपली हरकत नाही ना, असं आपण विचारलं होतं. उत्तराला फार उशीर झाला, क्षमा असावी. हरकत आहे. बुधवार मी मुद्दाम चुकीचा लिहिला होता, आपण याल म्हणून. आपण आला नाहीत, बाजार आला. मला पुन्हा तपासत जा. आपला, शेषगिरी."

एकदा वाचून बघितलं तर हेही जायचं नाही, हे त्यांना स्वतःबद्दल पक्कं ठाऊक होतं. त्यांनी डोळे खिडकीकडे वळवले आणि उत्तर धाडून दिलं.